बिछायतीची भांडी आणि घराचा हप्ता

आज इतकी वर्षं झाली, पण ती भांड्यांची चोरी माझ्या डोळ्यांपुढून हललेली नाही. मी सातवी पास माणूस. शिपाई म्हणून भरती झालो आणि सहायक फौजदार होऊन घरी आलो. लिहिण्याची सवय फक्त पंचनाम्याची आणि जबाबाची, त्यामुळे इथंही तसंच सरळ लिहितो. नावं कुणाची देणार नाही. माणसं अजून नांदती आहेत.

काळ नव्वदच्या पुढचा. बीडमध्ये चौकाचौकात एसटीडीचे पिवळे बूथ उभे राहत होते. दुकानदार हात धरून रंगीत टीव्ही हप्त्यावर देत होता. आणि घर बांधायला कर्ज देणारी एक खाजगी कंपनी गावात ऑफिस थाटून बसली होती. काचेचं दार, आत पंखे, दारावर लोकांची रांग. मी तेव्हा शहरातल्या ठाण्यात जमादार होतो.

एके दिवशी सकाळी हजेरी चालू असतानाच एक बाई ठाण्यात शिरली. ठाणे अंमलदार म्हणाला, "बाई, बाहेर बसा, हजेरी होऊ द्या."

"तुमची हजेरी रोज होती. माझं गोदाम रोज फुटत न्हाई," बाई म्हणाली आणि टेबलासमोर उभीच राहिली.

नवराबायकोचा बिछायतीचा धंदा होता. लग्नकार्याला मंडप, सतरंज्या, भांडी भाड्यानं द्यायची, त्याला आमच्याकडं बिछायत म्हणतात. वाण्याचं घर, दोघंही कष्टाळू. बाई पुतणीच्या लग्नाला माहेरी, कडा गावी, गेली होती. परत येऊन बघते तर गोदामाचा कोयंडा वाकलेला आणि आतली मोठी भांडी गायब. पितळेच्या डेगी, म्हणजे मोठाली पातेली, घंगाळं, परातीसुद्धा. ही भांडी तिच्या बापानं तिला दिलेली. त्यावरच धंदा उभा राहिला होता. प्रत्येकावर ठिपक्या-ठिपक्यांनी तिचं नाव कोरलेलं.

मागून नवरा आला आणि भिंतीला टेकून उभा राहिला. बाई बोलत होती, तो पायाकडं बघत होता.

फिर्याद नोंदली, डायरीला टाकली, दोन पंच घेतले आणि गोदामावर गेलो. पंचनामा लिहिताना मला दोन गोष्टी खटकल्या. कोयंडा वाकवला होता, पण कुलूप साफ. त्यावर ओरखडासुद्धा नव्हता, ते किल्लीनं उघडलेलं होतं. दुसरी गोष्ट बाईच बोलून गेली. पंचांना भांडी सांगता सांगता ती म्हणाली, "मेल्यांनी गोणपाटंसुद्धा ठिवली न्हाईत."

मी विचारलं, "कसली गोणपाटं?"

"भांडी टेम्पोत भरताना मधी घालायची. न्हाई घातली तर काठाला काठ लागून पोचे पडतात. आमचं कामच हाय ते."

मी पंचनाम्यात तेवढं लिहून घेतलं. अहो, चोराला दुसऱ्याच्या भांड्याच्या पोच्याशी काय करायचंय? तो हाताला येईल ते पोत्यात कोंबतो आणि पळतो. शेजाऱ्यांनाही विचारलं. डेगीवर डेग आपटली तर अख्ख्या गल्लीला ऐकू जातं, पण कुणी काही ऐकलं नव्हतं. म्हणजे भांडी मायेनं भरली होती.

आणखी एक गोष्ट. माझ्या नोकरीत मी बघितलंय, ज्याचं चोरीला जातं तो आधी चोराच्या आईबापाचा उद्धार करतो. ह्या बाईनं तो पोटभर केला. नवऱ्यानं एक शिवी दिली नाही.

पण नुसत्या संशयावर मी कुणाला आत घेत नसे. थांबलो.

माझ्या ओळखीचा एक आचारी होता, म्हातारा मुसलमान. त्याला सगळे चाचा म्हणायचे. लग्नांत स्वयंपाक करायला गावोगाव फिरायचा. चार दिवस गेले असतील नसतील, चाचा स्वतः ठाण्यात आला. खुर्ची दिली तर बसेना.

"जमादार साब, सिरसाळ्याला लगीन होतं. तिथं ती डेग व्हती."

"कोणती?"

"ठिगळाची. काठाला तांब्याचं ठिगळ हाय बघा, रिवेट मारलेलं. बाईचं नाव कानशीनं घासून काढलंय, पण ठिगळ कसं घासतील? त्या डेगीत मी हजार माणसाचं वरण शिजवलंय. माझी बायको मी एकदा इसरंन."

मी म्हटलं, "हे बायकोनं ऐकलं तर?"

"ती हे ऐकून ऐकूनच वर गेली साब," चाचा हसला आणि त्यानं भांडी कुणी आणली ते सांगितलं. आणणारा माणूस कर्जाच्या कंपनीतल्या वसुलीवाल्याचा साडू होता.

आता धागा हातात आला. आमच्या पीआय साहेबांना सांगून मी दोन शिपाई घेऊन सिरसाळ्याला गेलो. पंचांसमक्ष भांडी जप्त केली, मुद्देमालाला चिठ्ठ्या लावल्या. साडू म्हणाला, "मला पाव्हण्यानं धंद्याला दिली. चोरीची हायेत हे मला ठाऊक न्हाई." खरं बोलत होता. मग बीडला येऊन बाईच्या नवऱ्याला ठाण्यात बोलावलं.

लोकांना वाटतं, पोलीस म्हणजे पट्टा. पट्ट्यानं माणूस बोलतो, पण जे तुम्हाला ऐकायचंय तेच बोलतो. मी त्याला समोर बसवलं, चहा मागवला, आणि चहा अर्धा झाल्यावर विचारलं, "गोणपाटं कुणी घातली बे मधी?"

त्यानं कप खाली ठेवला.

"तुझ्या बायकोच्या भांड्याला पोचा पडू नये म्हणून चोर एवढी काळजी घेतो व्हय?"

तो रडला नाही, नुसता आकसून बसला. मग म्हणाला, "मीच भरून दिली. कोयंडा मीच वाकवला. तिला काय सांगू साहेब? तिच्या बापाची भांडी हायेत."

त्यानं सव्वापाच वर्षांपूर्वी कंपनीकडून एक लाख घेऊन तीन खोल्या बांधल्या होत्या. पंधरा वर्षांची मुदत, महिन्याला साडेपंधराशेच्या वर हप्ता. त्या साली लग्नाच्या तिथी कमी आल्या, तीन-चार हप्ते तुंबले. वसुलीवाला घरी येऊन म्हणाला, भांडी दे, नाहीतर घराला सील लागतं. पावती नंतर देतो म्हणाला, ती दिलीच नाही. नवरा आणि वसुलीवाला दिवसाउजेडी, बरेच शेजारी बाजाराला गेलेले असताना भांडी भरून घेऊन गेले. मी कंपनीत विचारलं तर भांडी जमाच नव्हती. वसुलीवाल्यानं ती परस्पर साडूच्या धंद्याला लावली होती. कोर्टाचा हुकूम नाही, कंपनीचा कागद नाही. हे आता सरळ माझ्या कलमात बसत होतं. धमकावून माल घेतला आणि विश्वासघात केला. त्याच दिवशी वसुलीवाल्याला उचलला.

तेवढ्यात बाई आली. तिला सगळं सांगावं लागलं. मला वाटलं, आता इथंच नवऱ्याला बडवते.

ती त्याच्यासमोर उभी राहिली. "भांड्याचं मी बघन. मला कावून न्हाई सांगितलं?"

"तू रागावली असती."

"आता काय आरती करू तुझी?" शिपाई तोंडात रुमाल धरून बाहेर पळाला. मग बाई माझ्याकडं वळली. "जमादार साहेब, एक सांगा. आमी पाच वर्षं भरतोय. घर आमचं कधी होणार?"

ह्याचं उत्तर ना नवऱ्याला माहीत होतं, ना मला. सगळ्यांना हप्ता पाठ, शेवट कुणालाच नाही.

दुसऱ्या दिवशी कंपनीचा मॅनेजर ठाण्यात आला. टाय लावलेला, बोलायला गोड. वसुलीवाल्याशी आमचा संबंध नाही, म्हणाला. मी म्हटलं, "तो तुमची पावती-पुस्तकं घेऊन फिरतो, संबंध कोर्टात बघू. आधी ह्या बाईंना सांगा, किती फिटलं आणि किती राहिलं."

त्यानं आकडे सांगितले. नव्वद हजारांच्या वर भरले होते. त्यातले मुद्दलात जमा फक्त तेहतीस. बाकी सगळं व्याज. अजून दहा वर्षं हाच हप्ता. एक लाखाच्या घराला शेवटी पावणेतीन लाखांच्या वर जाणार होते. वर तुंबलेल्या हप्त्यांचा दंड वेगळा.

मॅनेजर म्हणाला, "आमचे बाराच टक्के आहेत. बँका चौदा घेतात. आम्ही स्वस्त पडतो."

मग नवरा बोलला. "साहेब, ते बारा टक्के कशावर? तेहतीस हजार तर परत आले म्हणता."

"पूर्ण एक लाखावर. फ्लॅट. शेवटपर्यंत."

"म्हंजे माझ्याकडनं एकानं शंभर ताटं नेली. तेहतीस परत आणून दिली. आन् मी भाडं शंभराचंच लावायचं? शेवटचं ताट येईस्तोवर?" तो उठून उभा राहिला. "मला गल्लीत जोड्यानं मारतील हो! परत आलेल्या ताटाचं भाडं कुठला बिछायतवाला घेतो?"

मॅनेजर म्हणाला, "तुम्ही सही केली आहे."

ते खरं होतं. सही होती, आणि त्या व्याजाला माझ्याकडं कलम नव्हतं. ते मी दोघांना तोंडावर सांगितलं. पण वसुलीवाला कोठडीत होता आणि पुढं जबाब कुणाकुणाचे घ्यायचे ते माझ्या हातात होतं. हे मॅनेजरला न सांगता कळलं. दंड माफ केला आणि आज कर्ज मिटवायचं तर किती, ते त्यानं कंपनीच्या कागदावर सहीशिक्क्यानिशी लिहून दिलं. फक्त उरलेलं मुद्दल, सदुसष्ट हजारांच्या आत.

तो कागद घेऊन मी दोघांना सरकारी बँकेत नेलं. तिथले साहेब चांगले माणूस. त्यांनी आकडेमोड करून सांगितलं, "आमचे चौदा टक्के, पण जेवढं राहील तेवढ्यावरच. हप्ता तुमचा जवळपास तोच बसेल. फक्त दहा वर्षं नाही, पाच."

बाईनं परत विचारलं, "हप्ता तोच?"

"तोच."

"आन् पाच वर्षं कमी?"

"पाच वर्षं कमी."

तिनं नवऱ्याकडं बघितलं. बारा स्वस्त आणि चौदा महाग, ह्या एका समजुतीपायी ते पाच वर्षांची कमाई फुकट देणार होते. टक्का कशावर लावला, हे कुणी विचारलंच नव्हतं. सगळ्यांनी फक्त टक्का विचारला होता.

भांडी सुपूर्दनाम्यावर बाईला परत दिली. वसुलीवाल्याला कोर्टात शिक्षा लागली. नवऱ्यानं साक्ष सरळ दिली, कोयंडा वाकवल्याचंही लपवलं नाही. मला एसपी साहेबांनी बक्षीस दिलं, ते माझ्या सर्व्हिस बुकात आहे. खुनाचे तपासही मी केलेत, पण छातीवर हात मारून सांगावा असा तपास हाच. एक घर वाचलं, आणि खरं म्हणजे दोन वाचली.

दुसरं माझं. बँकेतून आलो त्या रात्री पोलीस लाईनीतल्या खोलीत जेवताना मी हे सगळं मंडळींना, म्हणजे बायकोला, सांगितलं. आम्हीही तेव्हा घराचा विचार करत होतो. ती म्हणाली, "मग आपण हप्ता मोठा घ्यायचा आन् मुदत लहान. तुमची वर्दी उतरायच्या आत फिटलं पाहिजे." मी म्हटलं, मग टीव्ही येणार नाही. ती म्हणाली, "आधी भिंत आपली होऊ द्या, मग तिच्यापुढं टीव्ही ठिवा." लाईनीत सगळ्यांकडं रंगीत टीव्ही आला, आमच्याकडं रेडिओ होता. शेजारणी चिडवायच्या. ती म्हणायची, "तुमचा टीव्ही कंपनीचा हाय, माझा रेडिओ माझा हाय." दिवाळीचा बोनस, पगाराची थकबाकी, जे हाताला येईल ते ती मुद्दलात भरायला लावायची. मी कुरकुरलो तर विचारायची, "किती ताटं राहिली?" आमच्यात कर्जाला तोच शब्द पडला होता. निवृत्तीच्या आधीच घर मोकळं झालं. बँकेतून कागद आणले त्या दिवशी तिनं ते देवापुढं ठेवले आणि मग टीव्ही घेतला.

मागच्या साली ती गेली. मी जास्त लिहिणार नाही, मला जमत नाही. तेराव्याला मांडवाची सोय करायची शुद्ध मला नव्हती. सकाळी दारात टेम्पो लागला. तीच बाई, आता केस पांढरे झालेले, आणि नवरा मागं भांडी उतरवत होता. मधून गोणपाटं काढून घडी घालत होता. ठिगळाची डेग मी स्वतः हात लावून उतरवली.

संध्याकाळी मी भाडं विचारलं. नवरा म्हणाला, "साहेब, काय बोलता!"

बाईनं त्याला गप्प केलं. "घेणार. वैनीनं कुणाचं उधार ठिवलं होतं का कधी? आज तिच्या कार्यात ठिवायचं व्हय?" आणि हात पुढं केला. मी दिले, तिनं मोजून घेतले. मला लई बरं वाटलं. तिला माझी बायको बरोबर कळली होती.

तरण्या पोरांना माझं एवढंच सांगणं आहे. घर जरूर बांधा. पण सही करायच्या आधी समोरच्याला विचारा, शेवटचा हप्ता फिटेपर्यंत माझ्या घरातून एकूण किती जाणार, आणि परत केलेल्या ताटाचं भाडं तुम्ही घेणार का. उत्तर देताना तो टाय सारखा करायला लागला तर उठून या.

माझ्या तीन खोल्या आहेत. भिंतींना ओल येते, मागचं दार घासतं. पण ज्या दिवशी तिला खांद्यावर घेऊन आम्ही ह्या उंबऱ्याबाहेर पडलो, त्या दिवशी ह्या घरावर कुणाचा एक रुपया नव्हता. ती स्वतःच्या घरातून गेली.