पडद्यावर उठलेला माणूस

काल लेकीने टीव्हीवर नवा सिनेमा लावला. चित्र इतकं स्वच्छ होतं की मला कुणकेश्वरच्या आमच्या पडवीतला तो अंधुक सिनेमा आठवला.

लकव्याने बाबांचे पाय गेले, होडी सुटली आणि हळूहळू त्यांचं बोलणंही सुटलं. महिनोन्महिने ते पडवीत भिंतीकडे तोंड करून पडून असत. एका दुपारी चुलतभाऊ प्रकाश कसालच्या मोबाइलच्या दुकानातून पेनड्राइव्हमध्ये सिनेमा भरून घेऊन आला आणि पडवीतल्या टीव्हीला लावला. कुणीतरी थिएटरात चोरून टिपलेला, नेटवरून उतरवलेला. पडदा तिरका, आवाज घुमणारा, मधेच लोकांच्या शिट्ट्या.

"ह्या काय हाडलंस रे?" आई वैतागली.

तेवढ्यात सिनेमा टिपला होता त्या थिएटरात कुणीतरी उठलं आणि त्याच्या डोक्याच्या सावलीने नायक झाकला गेला.

"ए, खाली बस रे! माका दिसणा नाय!"

भिंतीकडून तोंड वळवून बाबा ओरडले होते. आई थबकली. प्रकाश हसायला लागला, मग बाबाही.

ती चोरीच होती, हे आता मला कळतं. तरी प्रकाशचे आभार मानताना मी त्या अनोळखी माणसाचेही मनातून आभार मानते. तो अवेळी उठला, म्हणून आम्हाला बाबांचा आवाज पुन्हा ऐकायला मिळाला.