मतदानाच्या नऊ दिवस आधी आलेल्या खुर्च्या

“पॅकिंग लाइनवर खुर्च्या कधी आल्या?” युनियनच्या वकिलाने विचारलं. दुभाषाने प्रश्न मराठीत सांगितला.

“मतदानाच्या नऊ दिवस आधी,” सुनंदा मावशी म्हणाल्या.

“आणि मागितल्या कधी होत्या?”

“सहा वर्षांपूर्वी. मग दर वर्षी.”

सुनावणीत मी समोरच बसलो होतो. न्यू जर्सीतल्या फ्रोझन पराठ्यांच्या त्या कारखान्यात मी प्रॉडक्शन मॅनेजर. खुर्च्या मीच आणल्या होत्या.

कामगारांना युनियन हवी होती. त्यासाठी गुप्त मतदान होतं. बहुमत मिळालं की कंपनीला युनियनशी बोलणी करावीच लागतात. आमच्या वकिलाने मॅनेजरांना चार गोष्टी बजावल्या होत्या. धमकी नको, चौकशी नको, वचन नको, पाळत नको. मी त्या डायरीत लिहून घेतल्या.

मग एका ब्रेकमध्ये मावशी गुडघे चोळताना दिसल्या. आठ तास उभं राहण्याचं काम.

“मावशी, एवढ्यासाठी युनियन कशाला? मला सांगायचं.”

“सांगितलं होतं, प्रकाशभाऊ.”

मला आठवेना. दोन दिवसांत बारा उंच खुर्च्या आल्या. मावशी म्हणाल्या, “देव भलं करो तुमचं.”

मतदान झालं. कंपनी एका मताने जिंकली. केक कापला. त्याच आठवड्यात युनियनने निकालावर हरकत घेतली आणि आमच्या वकिलाचा फोन आला.

“तुम्ही खुर्च्या दिल्या? आत्ता?”

“वचन कुठे दिलं? सरळ दिल्या.”

“ते जास्त वाईट.”

मतदानाच्या तोंडावर नवी सवलत देऊन मत वळवणं कायद्याने बंद आहे. हे मला तेव्हा कळलं. तोवर मी स्वतःला भला माणूस समजत होतो.

सुनावणीनंतर मतदान रद्द झालं. पुन्हा झालं तेव्हा युनियन मोठ्या फरकाने जिंकली. खुर्च्या राहिल्या.

नंतर मी मावशींना लाइनवर गाठलं. “मी तुमचं वाईट केलं होतं का?”

त्यांनी हातातला पराठ्यांचा बॉक्स बंद केला. “नाही हो. पहिल्या वेळी मी मत कंपनीलाच दिलं होतं. युनियन हवी म्हणून सहीचं कार्ड भरूनसुद्धा.”

“का?”

“खुर्ची आली ना.”



आता कुणी काही मागितलं की त्याच आठवड्यात हो किंवा नाही सांगतो. मतदान नसतानाही.