झोपेची डाळ

नववीच्या इंग्रजीच्या पुस्तकात एका धड्यात तो शब्द आला आणि माझं डोकं फिरलं. सिएस्टा. मी फळ्यावर लिहिला, अर्थ सांगितला, दुपारच्या जेवणानंतरची झोप, आणि म्हटलं, चला, एकेक वाक्य करा. पोरं हुशार आहेत, हात वर झाले. माझे वडील सिएस्टा घेतात. माझे आजोबा सिएस्टा घेतात. आमचे सरपंच सिएस्टा घेतात. मागच्या बाकावरच्या एकाने आमचा बैल सिएस्टा घेतो असंही करून दाखवलं आणि वाक्य व्याकरणाच्या दृष्टीने अगदी बरोबर होतं. मी विचारलं, कुणाची आई घेत नाही का रे? तर सगळा वर्ग हसला. मुलीसुद्धा हसल्या. मुली हसल्या याचा मला जास्त राग आला.

भोकरदनला शाळेत मी इंग्रजी शिकवते आणि केदारखेड्याला नांदते. मार्चपासून सकाळची शाळा असते, म्हणजे दुपारी मी घरी. त्या दिवशी बसमध्ये बसल्या बसल्या मोबाईलवर तो शब्द शोधला, कारण मला राग आला की मी शब्दकोश उघडते. ही माझी खोड आहे, नवरा त्यावरून मला चिडवतो. शब्द स्पॅनिश. त्याच्याही मागे लॅटिन, सहावा अशा अर्थाचा, सूर्य उगवल्यापासून सहावा तास. म्हणजे ऐन दुपारची वेळ. आधी वेळेचं नाव, मग त्या वेळच्या विश्रांतीचं. इंग्रजांनी तो उचलला आणि त्याला नाना तऱ्हेचे कपडे चढवले. कुठे तो ऐदीपणाची शिवी होतो, उन्हाच्या देशांतले लोक आळशी, दुपारी लोळतात वगैरे. कुठे एखादं सरकार किंवा कारभार झोपलाय असं हिणवायला वापरतात. आणि आता तोच शब्द औषध झालाय. मोठ्या कंपन्यांत साहेब लोकांनी दुपारी वीस मिनिटं डुलकी काढली की डोकं तल्लख राहतं म्हणे. जालन्याला बायपासकडे गाद्यांचं एक दुकान आहे, त्याच्या पाटीवर मोठ्या अक्षरांत हाच शब्द आहे आणि खाली चित्रात एक गोरी बाई पांढऱ्या चादरीवर डोळे मिटून हसते आहे. आमचे हेडसर मधल्या सुट्टीत डबा खाल्ला की बाकावर रुमाल टाकून आडवे होतात. त्या दिवसापासून ते मला ऐकवायला लागले, मॅडम, जरा सिएस्टा. मी पेपर तपासत राहिले.

एवढे अर्थ वाचले आणि सगळ्यांत एकच प्रश्न राहिला. त्या सहाव्या तासाला सगळं गाव झोपतं, दुकानं बंद होतात, रस्ते ओस पडतात, तर मग जेवणाची भांडी कोण घासतं?

आमच्या घराचं सांगते. दारात लिंबाचं मोठं झाड आहे. जेवणं झाली की त्याच्याखाली दोन बाजा पडतात. एकीवर सासरे, दुसरीवर दीर, आणि माझा नवरा घरी असला तर तो ओसरीत सतरंजीवर. चार वाजेपर्यंत त्या अंगणात मोठ्याने भांडं आपटायचं नाही. आणि बाया? आमच्यात दिवसा बाई आडवी होत नाही. हा या घरचा कायदा. बाळंतीण झोपली तर चालते, आणि मेलेली. बाकी कुठल्याही बाईची पाठ दिवेलागणीच्या आधी भुईला लागली तर घराला अवकळा येते, लक्ष्मी उंबऱ्यावरून परत जाते. पुरुष घोरत असताना ही लक्ष्मी कुठे असते, हे मी लग्न झाल्यावर पहिल्याच वर्षी विचारलं होतं. सासूबाई म्हणाल्या, “लई शिकल्याचं हे असं होतं.”

पण झोप काय कुणाच्या बापाची आहे? ती येतेच. पहाटे पाचला उठलेल्या बाईला दुपारी झोप येणारच. म्हणून आमच्या गल्लीतल्या बायांनी एक सोय करून ठेवली आहे. भिंतीला पाठ लावून बसायचं, पाय दुमडायचे, मांडीवर सूप घ्यायचं, सुपात डाळ. मान खाली. बोटं डाळीतून फिरत राहतात आणि डोळे मिटलेले असतात. रस्त्यावरून जाणाऱ्याला वाटतं, बाई डाळ निवडून राह्यली. बाई झोपलेली असते. सासूबाईंची बोटं तर गाढ झोपेतही थांबत नाहीत. हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. त्या कण्हतात, डुलतात, बोटं मात्र चालूच.

यासाठी लागणारी डाळ वेगळी असते. मला हे कुणी सांगितलं नव्हतं. नवी नवरी होते, स्वयंपाकघरात फडताळावर एक पत्र्याचा डबा दिसला, त्यात तुरीची डाळ, खड्याचा कण नाही, कुठे टरफल नाही, एकदम स्वच्छ. मला आनंद झाला. निवडायचं काम वाचलं म्हणून मी तीच डाळ कुकरला लावली आणि मस्त फोडणीचं वरण केलं. सगळे जेवले. सासूबाईंनी दुपारी डबा उघडला आणि जे काही झालं ते विचारू नका. दोन दिवस माझ्याशी अबोला. तिसऱ्या दिवशी बाजारातून नवी डाळ आणली, एकदाच खरी खरी निवडली आणि त्याच डब्यात भरली. “याला हात लावशील तर बघ,” म्हणाल्या. मला कितीतरी दिवसांनी कळलं की ती शिजवायची डाळ नव्हती. ती आधीच निवडलेली डाळ रोज दुपारी पुन्हा निवडायची असते. तेव्हा मला हसू आलं होतं, माहेरी जाऊन सगळ्यांना नक्कल करून दाखवली होती. आता ते हसू आठवलं तरी राग येतो. स्वतःच्या घरात झोपायला बायांना खोटं काम लागतं, यात हसण्यासारखं काय होतं?

ती डाळ अजून त्या डब्यात आहे. बोटं फिरून फिरून गुळगुळीत झाली आहे, पिवळेपणा गेला आहे. दरवर्षी उन्हाला घालायची, एरंडेलाचा हात लावायचा, परत डब्यात.

धाकट्या जावेचं पिशवीचं ऑपरेशन झालं ते होळीच्या आधी. जालन्याला नेलं होतं, मी सोबत होते. डॉक्टरीण बाई चांगल्या होत्या, तिच्या नवऱ्याला समोर बसवून समजावलं. पोट उघडलेलं आहे, आतली जखम भरायला वेळ लागतो. घागर उचलायची नाही, खाली बसून काम करायचं नाही, रोज दुपारी जेवण झालं की दोन तास आडवं पडायचं. दीर मान हलवत होता. मी त्याला दाराबाहेर पुन्हा विचारलं, ऐकलंत ना? तो म्हणाला, “वहिनी, बिलकुल टेन्शन न्हाई. बराबर बघतो मी.”

पहिल्या दुपारी जाऊ आतल्या खोलीत आडवी झाली. शेजारची म्हातारी काहीतरी मागायच्या निमित्ताने आली आणि दारातूनच म्हणाली, “काय गं बाई, अजून उठली न्हाई का?” दुसऱ्या दिवशी दोघी आल्या. सासूबाई काही टाकून बोलल्या नाहीत, तो त्यांचा स्वभाव नाही. त्या फक्त दुप्पट आवाज करून भांडी घासू लागल्या. दीर रात्री जेवताना म्हणाला, “लोकं विचारून राह्यले, बायको लई सिरीयस हाय का म्हणून.” झालं. मी शाळेतून आले तर जाऊ भिंतीला टेकून बसलेली, पाय दुमडलेले, मांडीवर सूप, तोंड पांढरं फटक. मी सूप काढून घेतलं. तिने ते परत ओढलं. “असू द्या बाई. असंच बरं वाटतंय मला. पडलं की जीव घाबरा होतो.” जीव कशाने घाबरा होतो ते तिला माहीत होतं आणि मलाही. मी दिराला बोलले, नवऱ्याला बोलले. माझा नवरा घरात आवाज चढला की मोटार बघायला शेतात जातो. त्या दिवशीही गेला.

पुढच्या आठवड्यात तिच्या टाक्यांतून पाणी यायला लागलं, अंगात ताप. पुन्हा जालना. डॉक्टरीण बाईंनी पट्टी काढली आणि विचारलं, दुपारी झोपता ना? जाऊ खाली बघत बसली. दीर म्हणाला, “घरीच असती की मॅडम. बसूनच असती दिवसभर.” बसूनच असते. मला त्याला तिथेच फाडून खावंसं वाटलं. डॉक्टरीण बाई म्हणाल्या, आत पू झाला तर पुन्हा उघडावं लागेल. परत येताना आमची जीप त्या गाद्यांच्या दुकानावरून गेली. पाटीवरची बाई तशीच डोळे मिटून हसत होती. माझ्या शेजारी जाऊ खिडकीच्या दांडीला धरून बसली होती आणि प्रत्येक खड्ड्याला ओठ चावत होती.

घरी पोचलो तेव्हा दुपारचं जेवण आटपून सासरे लिंबाखाली झोपले होते. दुसरी बाज रिकामी होती, दिराची. मी जावेला हाताला धरून नेलं आणि त्या बाजेवर निजवलं. उघड्या अंगणात, रस्त्यावरून दिसेल अशी. उशाला गोधडी दिली. ती उठायला बघत होती, मी खांद्यावर हात दाबून ठेवला आणि बाजेच्या कडेला बसून राहिले.

दीर म्हणाला, “वहिनी, हे काय? आत झोपवा ना.”

“आत झोपली होती. तुम्हीच उठवली.”

“मी कधी उठवली?”

“लोकं विचारून राह्यले म्हणालात ना? आता लोकांना बघू द्या. विचारायची गरज नाही राहणार.”

आवाजाने सासरे जागे झाले, सुनेला शेजारच्या बाजेवर बघून घाईने उठले आणि टोपी घालून मारुतीच्या पाराकडे निघून गेले. सासूबाई सूप घेऊन ओसरीत आल्या.

“मास्तरणी, घराची लाज काढली तू आज.”

“काढली.”

“बायांना हे सगळं होतच असतं. मला न्हाई का झालं? थोरल्याच्या बाळंतपणापासून माझं अंग बाहेर येतंय. रोज येतंय. हातानं आत ढकलते अन् कामाला लागते. मी झोपले का कधी?”

थोरला म्हणजे माझा नवरा. त्याला या वर्षी कानाजवळ पांढरे केस आलेत. इतकी वर्षं मी या बाईच्या शेजारी बसून भाकऱ्या थापल्या, आणि मला हे माहीत नव्हतं. दिराला माहीत नव्हतं. जाऊ गोधडीत तोंड घालून रडायला लागली. सासूबाईंनी ते मोठ्या अभिमानाने सांगितलं होतं. मला त्यांची दया आली नाही. मला संताप आला. त्यांच्यावर, त्या लक्ष्मीवर, घोरणाऱ्या सगळ्या अंगणांवर, त्या चांगल्या गुळगुळीत परदेशी शब्दावर.

“आत्याबाई,” मी म्हटलं, “तुम्हाला झोपू दिलं असतं तर ते बाहेर आलंच नसतं कदाचित.”

त्या ओसरीत बसल्या. सूप मांडीवर घेतलं. मी बघत होते, बोटं डाळीत गेली आणि तिथेच थांबली. डोळे उघडे होते. मग उठल्या, एक हात ओटीपोटावर ठेवून, तशाच जशा त्या नेहमी उठतात आणि मी कधी नीट पाहिलंच नव्हतं. सूप घेऊन आत गेल्या.

संध्याकाळी मी चुलीकडे गेले तर पत्र्याचा डबा रिकामा, पालथा घातलेला. पातेल्यात डाळ रटरटत होती. कुकर बाजूला होता, त्यांनी मुद्दाम पातेल्यात लावली असावी किंवा त्यांना सुचलं नसावं. मी भाकऱ्या करायला बसले.

जेवायला सासरे, दीर आणि माझा नवरा बसले. जावेचं ताट मी बाजेवर नेऊन दिलं होतं. सासूबाईंनी तिघांना वाढलं. दिराने घास घेतला, चावला, थांबला. दाताखाली कचकच वाजलेलं मलासुद्धा ऐकू आलं.

“आई, डाळ कच्चीच राह्यली.”

सासूबाईंनी त्याच्या ताटात अजून एक पळी वाढली.

“चावून खा,” त्या म्हणाल्या. “अन् उद्या दुपारी माझी बी बाज लिंबाखाली टाक.”