ग्रेटाचं सोवळं

हे गेले त्याला आता दीड महिना होईल. बातमी पसरल्यावर पहिला फोन सिक्कीमहून आला, यांच्या एका जुन्या विद्यार्थ्याचा. "बाई, सरांनी आम्हाला लाल पांडा बघायला शिकवलं," एवढंच म्हणाला आणि रडू लागला. मग भेटायला येणारा प्रत्येक जण तेच बोलू लागला... पांडा, तिकडची बांबूची जंगलं, ती तोडू नयेत म्हणून यांनी वर्षानुवर्षं घातलेल्या खेपा. मी मान डोलावत होते. खरं सांगते, माझ्या संसारात सवत होती, आणि लोक माझ्या तोंडावर तिचं कौतुक करत होते.

साठ-एकसष्ट साल असावं. लग्न होऊन मी फ्रँकफर्टला आले तेव्हा हे तिथे डॉक्टरेट करत होते. अभ्यासाचा विषय होता प्राणिसंग्रहालयातली लाल पांड्याची मादी, ग्रेटा. मांजरापेक्षा जराशी मोठी, पाठीवर तांबूस, पोटाशी काळी, झुबकेदार शेपटीवर गोल पट्टे. तिची देखभाल करणारा म्हातारा तिला कात्सनबेअर म्हणायचा, म्हणजे मांजर-अस्वल. ती मांजरही नाही नि अस्वलही नाही, हे यांनी मला पहिल्याच आठवड्यात सांगून टाकलं. बाईसाहेब दिवसभर फांदीवर शेपटीत तोंड खुपसून झोपायच्या आणि दिवस कलला की बांबूचा पाला खायला उठायच्या. त्यामुळे यांची प्रत्येक संध्याकाळ तिच्याकडे. मी परक्या देशात चार भिंती बघत बसायची.

त्यात यांचा तिच्याकडे जाताना घालायचा तो कोट. बाल्कनीत खिळ्याला टांगलेला, कळकट. मी तो धुवायला काढला तर हे धावत आले.

"त्याला हात लावू नकोस, सुधा. ती मला वासानं ओळखते."

"अहो, हे काय सोवळं आहे?"

"तसंच समज. आणि काही दिवस फोडणीत हिंग नको. कपड्यांना वास बसतो, ती जवळ येत नाही."

बोट एडनला लागायच्या आत संध्या सोडलेला हा माणूस! सासूबाईंनी जन्मभर सांगून जे पाळलं नाही ते एका जनावरासाठी पाळत होता, आणि मी बिनहिंगाची आमटी गिळत होते.

पहिली संक्रांत आली. आईनं पुण्याहून हलव्याचे दागिने कापसात बांधून पाठवले होते. काळी साडी नेसून, दागिने घालून मी तयार झाले. जवळच्या र्‍युसेल्सहाइम गावाहून एक मराठी जोडपं तिळगुळाला आलं. चार वाजता यायचं कबूल केलेले हे मात्र आलेच नाहीत. लाल पांड्याची मादी वर्षातून एकदाच, हिवाळ्यात, जेमतेम दिवस-दोन दिवस नराला जवळ येऊ देते, आणि ग्रेटाला मुहूर्त सापडला तो नेमका माझ्या संक्रांतीचा. पाहुणे बिचारे वाट बघून गेले. मी साडीवर एक शाल ओढली आणि ट्रामनं निघाले. मनाशी पक्कं केलं होतं, परतीचं तिकीट काढून द्या म्हणायचं.

म्हाताऱ्यानं माझा अवतार पाहिला आणि काही न विचारता मागच्या दारानं आत सोडलं. हे जाळीशी बसले होते. मी शेजारी टेकले तशी माझ्याकडे न बघता म्हणाले, "झालं सगळं. आता हलू नकोस, खाली येतेय." ती सावकाश उतरली, जाळीशी येऊन नाक हलवू लागली, आणि पंजा बाहेर काढून तिनं माझा हलव्याचा हार धरला. मनगटाशी एक हाड वाढून तिला अंगठ्यासारखं झालेलं असतं, त्यात तिनं एक मणी पकडला आणि चघळू लागली.

"बघ, बघ कसा धरलाय!" हे कुजबुजले.

माझ्या दागिन्यांकडे यांनी पहिल्यांदा पाहिलं ते असं, तिच्या हातात. मला रडूच फुटलं. थंडीनं दातही वाजत होते. तेव्हा कुठे हे वळले. तो सोवळ्यातला कोट काढून त्यांनी माझ्या खांद्यावर टाकला.

"अहो, तुमचा वास जाईल ना..."

"जाऊ दे," म्हणाले. "तिला तुझीही सवय होईल."

तिकिटाचं बोलायचं राहून गेलं. पण ते प्रेम होतं की प्रयोग, हे मला आजतागायत कळलेलं नाही, आणि यांना विचारायचा धीर कधी झाला नाही.

पुण्याला परतल्यावरही आमच्या घरात तिन्हीसांजेला दिवा कधी वेळेवर लागला नाही. सासूबाई कुरकुरायच्या. हे खिडकीशी खुर्चीत बसून म्हणायचे, "जरा थांबा." अंधारत जाणाऱ्या झाडांकडे बघत बसायचे, आणि कुणाकडे गेलेत ते मला माहीत असायचं. मी समोर भाजी निवडत बसायची. ग्रेटा जाऊन किती वर्षं झाली होती, तरी ती वेळ तिचीच.

परवा लेक आली होती. तिन्हीसांजेला तिनं बटणाकडे हात नेला.

"राहू दे," मी म्हटलं.

"आई, बाबा नाहीत आता."

"म्हणूनच."

ती बावरून आत गेली. मी यांच्या खुर्चीत बसून राहिले. तिथून गुलमोहर दिसतो आणि शेजारच्यांची टाकी, दुसरं काही नाही. आता या वेळेला हे कुणाकडे जात नाहीत, माझ्याजवळच असतात. लेकीनं आतून दोनदा हाक मारली, पण मी तिला बाहेर बोलावलं नाही.