चाचा माघारी चालले

कोरेगावात गाद्या भरणाऱ्या पीरमहंमद चाचांना आयुष्यात कुणाला 'नाही' म्हणता आलं नाही. ईदच्या आदल्या दिवशी कुणी फाटकी गादी आणून टाकली, तरी ते भरून द्यायचे. म्हणून या वयात ते एकटे कवठे महांकाळपर्यंत चालत जाणार म्हटल्यावर त्यांची बायको मेहरुनबी एवढंच म्हणाली, "आधी न्हाई म्हणायला शिका, मग चाला."

त्यांची नात अर्फा तिकडे मूकबधिर मुलांच्या शाळेत राहून शिकत होती. तिथल्या बऱ्याच मुलांकडे कानाची यंत्रं नव्हती. असा लांबचा पल्ला चालून कुणी मदत गोळा केल्याचं चाचांनी मोबाइलवर पाहिलं होतं. पेठेतले दुकानदार पैसे द्यायला तयार झाले, पण किराणावाल्या लालासाहेबांनी सगळ्यांच्या वतीनं अट घातली. "पाऊलभरसुदीक गाडीवर बसायचं न्हाई." बघायला कुणी बरोबर येणार नव्हतं. चाचांच्या शब्दावरच सगळं होतं.

पुसेगाव गेलं, गोंदवलं गेलं. उन्हात म्हातारा चालताना दिसला की आपल्याकडे गाडी थांबतेच. चाचा हात जोडून "पाय मोकळे करतोय" म्हणायचे. खरं कारण सांगितलं तर मागितल्यासारखं वाटेल, अशी त्यांना लाज.

म्हसवडच्या अलीकडे तिथल्याच आकाराम फौजीनं मोटरसायकल आडवी घातली.

"चाचा, बसा."

"नगो, जातो चालत."

"का? आमच्या गाडीला काटं हायत?"

"तसं न्हवं..."

"मग कसं? फौजीच्या गाडीवर बसायचा कमीपणा वाटतो व्हय?" आकारामचा आवाज चढला. चाचा बसले.

म्हसवडात आकारामनं चहा पाजला. चाचांना तो गोड लागला नाही. लालासाहेबांना काय सांगायचं? न सांगितलं तर कुणाला कळणारही नव्हतं, आणि त्याचीच त्यांना जास्त भीती वाटली. आकाराम वळताच त्यांनी पिशवी उचलली आणि आल्या रस्त्यानं ते माघारी निघाले.

थोडं गेले नाहीत तोच मागून हॉर्न वाजला. "काय इसरलं, चाचा? बसा, आणू बिगीबिगी."

चाचांनी पिशवी घट्ट धरली. "बसणार न्हाई."

"आं?"

"न्हाई म्हंजे न्हाई. तुमी बसवलं तितनं परत चालायचंय मला." मग त्यांनी यंत्रांचं सगळं सांगून टाकलं.

आकारामनं डोक्याला हात लावला. "आवं, आदी तोंड उघडायचं न्हाई व्हय! मी तुमाला उचलून न्यायला निघालो हुतो." पुढं तो म्हणाला, "जावा. पर संध्याकाळी जेवायला घरीच यायचं. त्याला न्हाई म्हणायचं न्हाई."

चाचा जिथं बसले होते त्या बाभळीपर्यंत गेले, वळले आणि पुन्हा म्हसवडला आले. पुढच्या रस्त्यावर आकारामनं ओळखीपाळखीच्यांना फोन करून ठेवले होते. गाड्या नुसता हॉर्न वाजवून पुढं जात होत्या.

चाचा शाळेत पोचले तेव्हा अर्फा त्यांच्या धुळीनं भरलेल्या पायांकडे बघत राहिली. तेवढ्यात लालासाहेबांचा फोन आला.

"सगळी वाट चाललासा नव्हं?"

"व्हय," चाचा म्हणाले. "म्हसवडजवळची जरा दोनदा चाललो. मदी गाडीवर बसलो हुतो."

लालासाहेबांना काही उमगेना. चाचांनी तिथंच पायरीवर बसून त्यांना पहिल्यापासून सगळं सांगितलं.