पाच सामन्यांचे सर

सामना सुरू व्हायच्या आधी सर चेंडू हातात घेत, दोन्ही अंगठ्यांनी दाबून बघत आणि कानाशी नेऊन हलवत. बाजारात टरबूज घेताना आपण करतो ना, तसं. मग म्हणत, "हवा हाये. चला."

हवा बहुतेक वेळा नसे. आमच्या कॉलेजकडे चामड्याचा एकच फुटबॉल होता, त्याला चांभाराने तीन ठिकाणी टाके घातले होते, आणि मध्यंतरानंतर तो कणकेच्या गोळ्यासारखा बसे. तरी सर "हवा हाये" म्हणाले की आम्ही धावत सुटायचो.

आणीबाणी उठून दोन-तीन वर्षं झाली होती. वर्धा जिल्ह्यातलं आमचं कॉलेज लहानसंच. सर तिथे खेळाचे शिक्षक. वय चाळिशीच्या आसपास, अंगाने काटक, डाव्या पायाने लंगडत. तरुणपणी पुलगावात ते फार चांगला फुटबॉल खेळत म्हणे. मग गुडघा गेला. लग्न केलं नव्हतं. देवळीला थोरल्या भावाचं किराणा दुकान होतं, तिथे राहत आणि सकाळच्या बसने येत. नेमणूक तात्पुरती. दर जूनमध्ये नवा कागद निघे.

मी गोलकीपर होतो. मला धावता येत नसे, एवढीच माझी पात्रता.

त्या वर्षी विद्यापीठाने आमच्या गटातल्या सहा कॉलेजांना एकमेकांशी खेळवायचं ठरवलं. म्हणजे आम्हाला पाच सामने. प्राचार्यांनी सरांना ऑफिसात बोलावून सांगितलं, "एक तरी सामना जिंका. नाहीतर पुढल्या वर्षी फुटबॉल बंद. त्या मैदानावर नवी इमारत बांधायचं घाटतंय." फुटबॉल गेला की सरही जाणार, हे प्राचार्यांनी सांगितलं नाही. ते सगळ्यांना कळत होतं.

पहिल्या सामन्यात आम्ही सहा गोल खाल्ले. समोरच्यांच्या पायात बूट होते, आमच्यातले निम्मे अनवाणी. सामना संपल्यावर मी खांबाला टेकून बसलो होतो. सर लंगडत आले.

"काऊन रे, रडून राह्यला का?"

"नाई सर."

"बोटं दाखव." त्यांनी माझी दहाही बोटं एकेक वाकवून पाहिली. "शाबूत हायेत. गोल झाले तं झाले."

दुसऱ्यात चार, तिसऱ्यात पाच. चौथ्या सामन्याच्या आठवड्यात कापूस वेचणी जोरात होती. खेड्यांतली पोरं घरी निघून गेली आणि आम्ही नऊच जण एस.टी.त बसलो. सर वाटभर खिडकीबाहेर पाहत होते. रोहण्याचा दिवाकर आमचा कॅप्टन. त्याने विचारलं, "सर, नऊ जणांत कसं खेळायचं?" सर म्हणाले, "अकरा असताना कसं खेळलो, ते तं पाह्यलंच न तुनं." सगळे हसले. सरही हसले. त्या दिवशी किती गोल झाले ते मला आठवत नाही. आठवायचंही नाही.

पाचव्या सामन्याच्या आदल्या दिवशी, दुपारी, सरांनी मला व्यायामशाळेमागे बोलावलं. बराच वेळ ते बुटाच्या टोकाने माती उकरत राहिले.

"तुयं ओळखपत्र देतो का?"

"काऊन सर?"

"पुलगावचा एक गोलकीपर हाये. गिरणीत कामाले जाते. त्याले उभा करतो. तुया नावावर."

"मी खेळलो तर हरूच का, सर?"

सर आम्हाला कधी खोटं सांगत नसत. त्या दिवशीही त्यांनी सांगितलं नाही. "हो," ते म्हणाले.

मी ओळखपत्र काढून दिलं. त्यावरचा माझा फोटो इतका पुसट होता, की तो कुणाचाही असू शकला असता. सरांनी ते खिशात ठेवलं आणि माझ्याकडे न पाहता म्हणाले, "उद्या मैदानावर येऊ नको."

मी गेलो. कुंपणाबाहेर बाभळीआड उभा राहून पाहिलं. तो गिरणीतला माणूस गोलात असा उभा होता, की जणू खांब त्यानेच रोवले होते. दोनदा तर चेंडू जाळ्यात गेलाच असं मला वाटलं आणि दोन्ही वेळा तो त्याच्या पोटाशी सापडला. शेवटच्या दहा मिनिटांत दिवाकरच्या खांद्याला लागून चेंडू पलीकडच्या गोलात गेला. आम्ही जिंकलो. त्या हंगामात पहिल्यांदाच. पोरांनी सरांना उचललं. मी कुंपणाच्या तारा धरून ओरडलो, हेही खरं आहे. सर मात्र पोरांच्या खांद्यांवरून म्हणत होते, "खाली ठेवा मले. खाली ठेवा."

समोरच्या कॅप्टनने त्या गोलकीपरला कुठल्याशा गणेशोत्सवाच्या सामन्यांत पाहिलेलं होतं. त्याने त्याच संध्याकाळी तक्रार लिहून दिली.

चौथ्या दिवशी चौकशी. प्राचार्य होते, विद्यापीठाचे दोघे होते. भिंतीशी सर उभे होते. टेबलावर माझं ओळखपत्र. एका साहेबांनी मला विचारलं, "हे तू स्वतः दिलंस? दिलं असशील तर दोन वर्षं परीक्षेला बसता येणार नाही. विचार करून बोल."

मी विचार करत होतो. तेवढ्यात सर बोलले. अगदी शुद्ध, पुस्तकी मराठीत. त्यांना तसं बोलताना मी त्याआधी कधी ऐकलं नव्हतं. "त्याने दिलेलं नाही. मी त्याच्या पिशवीतून त्याच्या नकळत काढून घेतलं. मुलाचा काही संबंध नाही."

"म्हणजे तुम्ही चोरी केलीत?"

"हो."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली. त्यांनी त्याचा हवा तो अर्थ घेतला.

बाहेर व्हरांड्यात मी सरांना गाठलं. "सर, मी आत जाऊन खरं सांगतो."

"काय सांगशील? तुयं शेवटचं वर्ष हाये. जा, वर्गात जाऊन बस."

तुम्ही म्हणाल, एक पाऊल तर मागे वळायचं होतं. मी गेलो. वर्गातच. अर्थशास्त्राचा तास चालू होता.

निकाल रद्द झाला, फुटबॉल बंद झाला, उन्हाळ्यात मैदानावर पाया खणला. सरांना कामावरून काढल्याचा कागद मिळाला, तोही जूनची वाट न पाहता. मी बी.ए. झालो, आर्वीला नोकरीला लागलो. कामानिमित्त देवळीवरून जाणं होई. बस थांबायची त्याच्या समोरच ते किराणा दुकान. एकदा सर स्टुलावर बसून तूरडाळ मोजताना दिसले. बस पाच मिनिटं उभी होती. मी उतरलो नाही. पुढच्या वेळी उतरू, असं सहा वर्षं चाललं.

शेवटी एका रविवारी मुद्दाम गेलो. दुकानात थोरले भाऊ एकटेच होते. सरांचं नाव घेतलं तेव्हा त्यांनी हातातला कागदाचा पुडा बांधून पुरा केला आणि मग म्हणाले, "तो तं उन्हाळ्यात गेला, बाप्पा. तुमी कोन?"

"त्यांचा विद्यार्थी. फुटबॉलचा."

"फुटबॉल?" त्यांनी पुडा बाजूला ठेवला. "मले वाटे, हा कवायत शिकवते. तरुणपणी तो पुलगावले होता, मी इथं दुकानात. घरी त्यानं कधी खेळाचं नावच नाई काढलं. कॉलेज काऊन सोडलं म्हणून विचारलं, तं म्हणे, गुडघा दुखते."

त्यांनी मला बसायला स्टूल दिलं. मी ज्यासाठी आलो होतो ते सांगायला तोंड उघडलं, पण एक बाई साखर घ्यायला आली. ती गेल्यावर भाऊच म्हणाले, "मंग खेळे कसा तो?"

मी सरांना खेळताना कधी पाहिलंच नव्हतं. तेवढं सांगितलं. ओळखपत्राचं मात्र तिथेही सांगितलं नाही. दुपारच्या बसने परत आलो.