तानाकाकूची साक्ष

आमच्या गल्लीत तानाकाकूइतकी झाकपाक करणारी बाई दुसरी नाही. लोक आजार लपवतात, काकूने नवऱ्याचं विसरणं लपवलं, तेही शेवटची दोन वर्षं. पुंडलिककाका ओट्यावर बसायचे, शेजारी काकू तूर निवडत. कोणी येताना दिसलं की ती आधीच बोलायची, "अहो, बबनराव आले पाहा." मग काका म्हणायचे, "या बबनराव!" बबनराव खूश. म्हातारा काय ठणठणीत आहे, असं गाव म्हणायचं.

मला खरं ठाऊक होतं, कारण आमची मागची दारं समोरासमोर. दिवेलागणीला काका तिलाच म्हणायचे, "बाई, दिवस बुडून राह्यला. आता आपल्या घरी जा. तुमचा मालक वाट पाहात असंन." काकू "हो जी" म्हणून पुढच्या दाराने निघायची, घराला वळसा घालून मागच्या दाराने आत यायची आणि चुलीपाशी बसायची. पाहून मला रडू यायचं. ती उलट मलाच हसायची. "तुले कायले रडू येते? रागानं थोडीच काढते मले. काळजीनंच घरी पाठवते."

मुलगा नयन यवतमाळला असतो. एकदा येऊन म्हणाला, बाबांना तालुक्याला न्यायचं आहे, कागदाचं काम आहे, साहेब नाव-गाव विचारतील. कसलं काम, ते काकूने विचारलं नाही. तिला एकच घोर, साहेबासमोर काकांची शोभा होऊ नये. सकाळी तिने त्यांना धुतलेलं धोतर नेसवलं आणि शिकवणी सुरू केली. जन्मात उखाण्याशिवाय नवऱ्याचं नाव न घेतलेली ही बाई! मी मागच्या दारात ऐकत उभी होते.

"तुमचं नाव पुंडलिकराव. म्हना."

"पुंडलिकराव."

"मुलगा नयन. मुलगी निशिगंधा. बायको तानाबाई."

"बायको तानाबाई," काका म्हणाले, आणि मग आदराने, "आन तुमी कोन, बाई?"

साहेबांनी विचारलं, काकांनी धडाधड सांगितलं, अंगठा उठला. काका गेल्यावर कळलं की ते मृत्युपत्र होतं. वावर आणि घर, सगळं नयनला. काकूला काही नाही, आणि नवरा वारल्यावर माहेरी आलेल्या निशिगंधालाही नाही.

निशिगंधाने दावा लावला. वकील म्हणाले, काका तेव्हा भानावर नव्हते एवढं सिद्ध झालं की मृत्युपत्र टिकणार नाही. पण सिद्ध कोण करणार? बबनराव शपथेवर म्हणाले, माणूस खणखणीत होता, मला नावाने हाक मारायचा. बाकीचेही तेच म्हणाले. मी खरं सांगितलं, तर बालमैत्रीण निशिगंधासाठी खोटं बोलते म्हणून नयनच्या वकिलाने मला उडवून लावलं. उरली काकू.

कोर्टात आधी पतीचं नाव विचारलं. काकूने तोंडाला पदर लावून लेकीकडे पाहिलं. निशिगंधाने नाव सांगितलं. मग आमच्या वकिलांनी विचारलं, "शेवटी शेवटी ते तुम्हाला ओळखत होते का?"

"नाही" म्हणायचं, हे घरून निघतानाच ठरलं होतं. काकूने मागे बाकांवर बसलेल्या गावातल्या माणसांकडे एकदा पाहिलं.

"वळखत होते जी," ती म्हणाली. "मले कायले नाही वळखनार?"

मला तिचा असा राग आला, की बाहेर आल्यावर मी तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. निशिगंधाने विचारलं, "आई, काहून वं असं सांगतलं तू?"

"मंग काय चारचौघात सांगू का, का माह्या मालकाले मी कोन आहो थेच समजत नव्हतं?"



निकाल नयनच्या बाजूने लागला. तो आईला यवतमाळला चल म्हणाला. बहिणीचं नाव काढलं नाही, म्हणून काकू गेली नाही. मायलेकींनी महागावला खोली पाहिली. घर रिकामं करायच्या दिवशी सांज झाली तेव्हा नयन कुलूप घेऊन आला. काकू पुढच्या दाराने निघाली आणि सवयीने घराला वळसा घालू लागली. तिला हाक मारायचं मला सुचलं नाही. मागच्या दाराला नयनने आतून कडी लावली होती.